कानबाईच्या रोटात लेकीची मूठ धरता का?

गिरणाकाठची

श्रावण तोंडावर आलाय आणि आमच्या घरी एका साध्या मोजमापावरून घोळ झालाय, म्हणून हा धागा काढतेय.

खान्देशाबाहेरच्यांसाठी थोडक्यात. नागपंचमीनंतरच्या रविवारी आमच्याकडे कानबाई बसते. नारळाला देवीचा साज, नथ, दागिने, रात्रभर गाणी, सोमवारी सकाळी वाजतगाजत नदीवर विसर्जन. नैवेद्याला पुरणपोळी, खीर, गंगाफळाची भाजी आणि मुख्य म्हणजे रोट, म्हणजे गव्हाच्या जाड भाजलेल्या पोळ्या. रोटाचं धान्य घेताना घरातले पुरुष मोजतात. एका पुरुषामागे सव्वा मूठ. पाळण्यातला मुलगा असला तरी त्याची सव्वा मूठ. बायकांची मूठ नसते. धान्य निवडणार बायका, दळणार बायका, रोट भाजणार बायका. मूठ पुरुषांची.

माझ्या लहानपणी आमच्या घरात नऊ मुठी पडायच्या. आजोबा, नाना (माझे वडील), दोन काका, भाऊ, चार चुलतभाऊ. मग वाटण्या झाल्या, चुली वेगळ्या झाल्या, काकांनी आपापली कानबाई वेगळी बसवली. आजोबा गेले. मागच्या साली माघात नाना गेले, म्हणून त्या श्रावणात बसवली नाही. आता यंदा बसवायची, तर घरात पुरुष एकच. माझा भाऊ. तो सुरतला असतो आणि त्याला दोन मुली आहेत, चौदा आणि नऊ वर्षांच्या.

म्हणजे यंदाच्या रोटाला सव्वा मूठ गहू.

परवा फोनवर माय हसत होती, पण ते हसू नव्हतं. म्हणाली, "आते इतलामा कितला रोट व्हतीन?" तेवढंसं दळण गिरणीत टाकलं तर गिरणीच्या पोटातच राहील. मागून भावजयीचा आवाज आला, "मग आमच्या मुठी टाका की." पुढे दोघीही गप्प. तिकडे चुलतीला हे कळलं आणि तिने निरोप पाठवलाय की कुळाचारात हात घालू नका.

तुमच्याकडे काय करतात? मुलीची मूठ धरणारं घर कुणाला माहीत आहे का?

भरीतप्रेमी

आमच्या घरी सात पुरुष, त्यामुळे अडचण उलटी. पौर्णिमेपर्यंत रोट संपता संपत नाहीत. शेवटचे दोन दिवस चहात बुडवून खातो, नाहीतर दात जाईल. थोडे पुरुष इकडून घेऊन जा ताई, हलके होऊ.

गंमत सोडा. आमच्याकडे बहिणींची मूठ कधीच धरली नाही आणि मला आजपर्यंत ते खटकलंही नव्हतं. बहीण रात्रभर कानबाईची गाणी म्हणायची, सकाळी फुगडी खेळायची, एवढंच डोक्यात होतं. धागा वाचून पहिल्यांदा विचार केला की ती खाते कुणाच्या वाट्याचं?

आप्पा शिरपूर

कुळाचार हा कुळाचा असतो, लोकशाहीचा नाही. लेक लग्न होऊन दुसऱ्या कुळात जाते, म्हणून इथे तिची मूठ नाही. यात अपमान कुठे आला? देवी स्वतः बाईच आहे ना? उगाच प्रत्येक गोष्टीत स्त्रीपुरुष आणायचं फॅड झालंय. ज्या घरात पुरुष कमी त्यांनी पाच मुठी धराव्यात, पाच पांडवांच्या नावाने. आमच्या गावात एका घरी असं केलेलं मी पाहिलंय.

लेवा लेक

आप्पा, लेक दुसऱ्या कुळात जाते म्हणून इथे नाही, हे एक वेळ मान्य. मग त्या दुसऱ्या कुळात तिची मूठ असते का? सुनेची कुठे धरतात? म्हणजे इकडे नाही, तिकडेही नाही. जन्मभर रोट करणारी बाई हिशोबातच नाही. पांडवांची मूठ चालते, घरातल्या जिवंत पोरीची चालत नाही!

पांझराकाठ

आरोग्य खात्यात बावीस वर्षं काढली आहेत, म्हणून थोडं तिखट लिहिते. २०११ च्या जनगणनेत जळगाव जिल्ह्यात शून्य ते सहा वर्षांच्या हजार मुलांमागे ८४२ मुली होत्या. २००१ ला हा आकडा ८८० होता. राज्याचा २०११ चा ८९४. गर्भलिंग तपासणीविरुद्ध कायदा करणारं महाराष्ट्र देशातलं पहिलं राज्य, १९८८ ला. केंद्राचा कायदा १९९४ चा. एवढं होऊनही आपण दहा वर्षांत खालीच गेलो.

या तपासण्या सुरू झाल्यावर जन्मलेली नि न जन्मलेली पिढी आता लग्नाची झाली. गावोगाव तीस-पस्तिशीचे पोरगे बसून आहेत. शेती आहे, घर आहे, पोरगी नाही. मध्यस्थ लाख-दोन लाख घेऊन परमुलखातून नवरी आणतात, ती आठ दिवसांत पळून जाते, मग पोलीस ठाण्यात चकरा. आमच्या उपकेंद्राच्या गावात तीन घरं अशी फसली. त्यातल्या एका नवऱ्याच्या आईला मी ओळखते. दोन पोरी नकोत म्हणून ती काय काय करून बसली होती, तेही मला माहीत आहे. आता सुनेसाठी नवस बोलते.

मुठी मोजता मोजता पोरगेच मोजत गेलो.

भरीतप्रेमी

ताई, दुखऱ्या ठिकाणी बोट ठेवलंत. पण कानबाईला दोष नको. ही रीत शंभर वर्षांपूर्वीही असेल, तेव्हा सोनोग्राफी नव्हती. मशीन देवीने नाही आणलं.

पांझराकाठ

दोष देवीला देतच नाहीये. मशीन सुशिक्षितांनी चालवलं आणि पैसेवाल्यांनी वापरलं. मी एवढंच म्हणतेय की मोजणी आपल्या अंगात मुरलेली होती.

पारोळ्याची सून

वय वर्षं ६४. लिहायला नातवाचा टॅब घेतला आहे, चुका पोटात घाला.

मूठ धरली नाही याचं वाईट मला कधी वाटलं नाही. वाईट वाटलं ते वेगळ्या दिवशी. १९८६ ला चांदवडला शेतकरी संघटनेचं महिला अधिवेशन झालं. आमच्या गावातून ट्रक गेला. मी कडेवर पोर घेऊन गेले होते, सासूबाईंनी जाऊ दिलं हेच नवल. एवढ्या बायका एका जागी मी यात्रेत पण पाहिल्या नव्हत्या. तिथे शरद जोशी नि बाकीचे बोलत होते की शेतीत घाम बायकोचा आणि उतारा नवऱ्याचा. पुढे लक्ष्मीमुक्तीची मोहीम निघाली, बायकोचं नाव सातबाऱ्यावर लावा म्हणून. १९९२ ला सरकारनेही तसा निर्णय काढला.

आमच्या घरी रात्री जेवताना मी विषय काढला. हे म्हणाले, "तुला काय कमी आहे?" मी म्हटलं काही नाही. आणि खरंच काही कमी नव्हतं. पण उत्तर ते नव्हतं ना. तो विषय तिथेच संपला तो संपला. हे गेले २०१५ ला, मग वारस म्हणून नाव लागलं. म्हणजे उताऱ्यावर यायला मला विधवा व्हावं लागलं.

सातबारा

निवृत्त तलाठी. हल्ली पदाचं नाव बदललंय, पण गाव अजून तलाठीच म्हणतं. पारोळ्याच्या ताईंनी विषय माझ्या अंगणात आणला म्हणून लिहितो.

मूठ द्या न द्या, तुमचा प्रश्न. कायद्याने मूठ कधीच दिली आहे. बाप मृत्युपत्र न करता गेला, तर त्याच्या स्वकष्टाच्या मिळकतीत बायको, मुलगे, मुली सारख्या वाटेकरी. हे १९५६ पासून आहे. वडिलोपार्जितात मुलीला जन्माने हक्क महाराष्ट्राने १९९४ ला दिला, पण २२ जून १९९४ च्या आधी लग्न झालेल्यांना वगळून. केंद्राने ९ सप्टेंबर २००५ पासून सगळ्याच मुलींना दिला. तरी वाद चालू राहिले की बाप २००५ ला जिवंत असायला हवा होता की नको. ऑगस्ट २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगून टाकलं, हक्क जन्माने आहे, बाप तेव्हा असो नसो. २० डिसेंबर २००४ च्या आधी रीतसर झालेल्या वाटण्या मात्र उकरता येत नाहीत.

आता चावडीवर काय चालायचं ते सांगतो. मयताचा दाखला घेऊन मुलगा येतो. वारसांची नावं सांगा म्हटलं की स्वतःचं, भावाचं, फार तर आईचं सांगतो. "बहिणी?" विचारलं की म्हणतो, "त्या दिल्या घरी सुखी आहेत भाऊसाहेब, त्यांचं काही म्हणणं नाही." म्हणणं नाही हे कधीच त्या बहिणीच्या तोंडून ऐकलेलं नसतं. सुरुवातीच्या वर्षांत माझ्याकडूनही अशा नोंदी झाल्या. खोटं कशाला बोलू. गावात राहायचं असतं.

नंतर नंतर बहिणींची नावं लावायलाच लागली, तर नवी तऱ्हा आली. आधी सगळ्यांची नावं लावायची आणि महिन्याभरात बहिणींना जीपमध्ये घालून दुय्यम निबंधकाकडे हक्कसोडपत्राला न्यायचं. आखाजीला, म्हणजे अक्षयतृतीयेला, माहेरी आलेल्या असतात, तेच बरं पडतं. एका वर्षी अक्षयतृतीयेनंतरच्या दोन दिवसांत मी नऊ हक्कसोडांच्या नोंदी आलेल्या पाहिल्या. काही बहिणी मनापासून सोडतात हेही खरं. भावाकडे दोन एकर कोरडवाहू, त्यात हिस्सा मागून काय करणार? पण चाळीस एकर बागायत केळीवाल्याच्या बहिणीही सोडतात. तिथे सोडत नाहीत, सोडवून घेतात.

धागाकर्तीला एकच: नाना गेले म्हणता. वारस नोंद झाली का? तुमचं आणि बहीण असेल तर तिचं नाव लागलंय का ते पाहा. कोऱ्या कागदावर, "नुसतं तहसीलला द्यायचंय" म्हणून दिलेल्या कागदावर सही करू नका.

जुना जळगावकर

खान्देशच्या बाईवर धागा आणि बहिणाबाईंचं नाव अजून नाही? असोद्याची माउली, अक्षर येत नव्हतं. तरुण वयात विधवा झाली. शेतात, जात्यावर गात राहिली. मुलगा सोपानदेव आणि नात्यातल्या पीतांबर चौधरींनी लिहून ठेवलं म्हणून आपल्याला मिळालं. १९५१ ला गेली, पुस्तक आलं १९५२ ला. आज जळगावच्या विद्यापीठाला तिचं नाव आहे. आणि प्रतिभाताई? १९६२ ला सत्ताविसाव्या वर्षी जळगावातून आमदार, २००७ ला राष्ट्रपती. आपल्या मातीने बाईला मान दिलाच आहे.

लेवा लेक

काका, बहिणाबाई येणारच हे माहीत होतं, फक्त कितव्या प्रतिसादाला तेवढंच बघत होते. मान दिला, मान्य. विद्यापीठाला नाव दिलं २०१८ ला. उताऱ्याला कधी देता तेवढं सांगा.

आणि घरात कोणी लिहून घेणारं होतं म्हणून ती एक कळली. तिच्या शेजारच्या जात्यावर कोण बसत होतं, तिचं नाव कुणाला ठाऊक आहे?

कापूसवाली मावशी

नमस्कार. मी एरंडोल तालुक्यातली. मी बोलते आहे, माझी मुलगी टाइप करते आहे, ती बारावीला आहे.

तुमचं मुठीचं सगळं ऐकलं. आमचं मोजमाप किलोवर असतं. माझ्याकडे अठरा बायांची टोळी आहे. दसऱ्यापासून कापूस वेचणीला जातो, सकाळी सातला छोटा हत्ती येतो. भाव मी ठरवते. गेल्या हंगामाला किलोला दहा रुपयांपासून सुरुवात केली, फरदडीला बारा घेतले, कारण शेवटी कापूस कमी नि फिरणं जास्त. चांगली बाई दिवसाला चाळीस-पन्नास किलो वेचते. कमरेला ओटी बांधलेली, ती भरली की पोटुशी बाई चालते तसं चालावं लागतं. बोंडाची टोकं वाळून काट्यासारखी झालेली असतात, नखाशेजारची कातडी सोलून निघते. संध्याकाळी भाकरी थापताना मीठ लागलं की कळतं.

आधी भाव शेतकरी ठरवायचा नि काटा पण त्याचाच. दोन-दोन किलो कापायचा, ओल म्हणून. पाच वर्षांपूर्वी आम्ही बाया वर्गणी काढून आमचा काटा घेतला, लटकवायचा, बॅटरीवाला. पहिल्या दिवशी मालक चिडला, म्हणाला माझ्यावर भरोसा नाही का. मी म्हटलं दादा, भरोसा आहे, दोन्ही काट्यांवर करू. फरक निघाला. त्या दिवसापासून आमचाच काटा.

निंदणीला अजून बाईला अडीचशे नि गड्याला चारशे. काम दोघांचं वाकूनच. पण वेचणीला गडी येतच नाहीत, त्यांची बोटं चालत नाहीत म्हणे. म्हणून तिथे भाव आमच्या हातात आहे.

लाडक्या बहिणीचे पंधराशे येतात. खातं आधीपासून होतं, पण कार्ड नवऱ्याकडे असायचं. आता माझ्या पिशवीत असतं. पिन मुलीला पण सांगितलेली नाही. (हे टाइप करताना हसतेय मी. मुलगी.)

भरीतप्रेमी

मावशी, धाग्यातला सगळ्यात भारी प्रतिसाद. दोन्ही काट्यांवर भरोसा, हे फ्रेम करून लावतो.

सातपुडा पायथा

सगळ्यांचं वाचलं. थोडं खटकलं म्हणून लिहिते. मी पावरा आहे, तळोदा-अक्कलकुव्याकडची, सध्या नंदुरबारला शिकवते. खान्देश म्हटलं की कानबाई आणि आखाजी आणि केळी. आम्ही पण याच जिल्ह्यांतले. आमच्याकडे कानबाई नसते.

सातबारा काकांनी लिहिलं "सगळ्याच मुलींना". काका, तो कायदा अनुसूचित जमातींना लागू नाही. त्याच कायद्याच्या कलम २ मध्ये तसं लिहिलेलं आहे. आमच्याकडे रूढी चालते आणि रूढीत जमीन पोरग्यांची. म्हणजे तुमच्या बहिणीला निदान हक्कसोड करायला हक्क तरी आहे. माझ्याकडे सोडायलाही काही नाही.

आम्हाला लोक सांगतात की तुमच्यात बरं आहे, मुलगीवाल्यांना देज मिळतो, हुंडा नाही, पोरगी नको असं नाही. पोरगी नको असं नाही, हे खरं. पण नवऱ्याला सोडायचं तर देज परत करावा लागतो. पैसा बाप घेतो आणि परतफेडीची भीती पोरगी बाळगते.

तरी आमच्या बायांनी केलेलं कुणी लिहीत नाही म्हणून लिहिते. १९७२ च्या दुष्काळाच्या सुमारास शहाद्याकडे श्रमिक संघटना उभी राहिली, जमिनी नि मजुरीसाठी. त्यातल्या बायांनी स्वतःहून दारूच्या भट्ट्या फोडायला सुरुवात केली. गावोगाव फिरून मडकी फोडायच्या, बायकोला मारणाऱ्याला चारचौघांत उभा करायच्या. माझी आजी होती त्यात. तिला विचारलं की भीती नाही वाटली? म्हणाली, रात्री घरी एकटीला वाटायची तेवढी नाही वाटली.

सातबारा

ताई, चूक दुरुस्त करतो. तुमचं बरोबर आहे. "सगळ्याच" लिहायला नको होतं. नोकरीची शेवटची सहा वर्षं मी धडगावकडे होतो, मला तर माहीत असायला हवं होतं. माहीत होतंच, लिहिताना आठवलं नाही. हेही काहीतरी सांगतं.

आप्पा शिरपूर

धागा कुठून कुठे गेला. कानबाईपासून भट्टीपर्यंत. मी बोललो की मी जुनाट, पण एक सांगतो. मुलीची मूठ धरा म्हणणारे किती जण आपल्या बहिणीला उताऱ्यावर ठेवतील? गहू स्वस्त आहे हो. उद्या सगळे सुधारक मुठी धरतील, फोटो टाकतील, आणि आखाजीला जीप आहेच.

लेवा लेक

आप्पा, पहिल्यांदा तुमच्याशी सहमत. राखीला साडी आणि आखाजीला हक्कसोड.

गिरणाकाठची

सगळ्यांचे आभार. एक गोष्ट मी पहिल्या पोस्टमध्ये लिहिली नव्हती. आप्पांनी नेमकं तिथे बोट ठेवलं.

नानांची वारस नोंद झाली आहे. माय, भाऊ, बहीण आक्का आणि मी, चौघांची नावं लागली. भावानेच लावली, न सांगता. आणि मागच्या महिन्यात त्याचा फोन आला की "हक्कसोडाचं बघून घेऊ एकदा, तुम्ही दोघी कधी येताय?" इतक्या सहज, जसं गाडीचं रिझर्वेशन. पावणेचार एकर आहे, विहीर आहे, पाणी फेब्रुवारीपर्यंत. तो सुरतला कापड मार्केटमध्ये नोकरी करतो, शेती बटाईने दिलेली. श्रीमंत नाही. मी नाशिकला, नवरा-बायको दोघं कमावतो. आक्काचं अमळनेरला बेताचंच आहे, ती काही बोलत नाही.

मी हो म्हणाले नाही, नाही म्हणाले नाही. मला जमीन हवी आहे का? खरंच माहीत नाही. पण त्याने "हवी आहे का" विचारलं असतं, तर बहुतेक मी लगेच सोडली असती.

आणि मी इथे येऊन धागा काढला मुठीचा.

पारोळ्याची सून

बेटा, सही करायची घाई करू नको. सोडायची तर पुढेही सोडता येते. गेलेली परत येत नाही. आणि आक्काशी एकटीशी बोल, भावासमोर नको.

सुरतची सूनबाई

मी उधन्याला राहते, माहेर साक्रीकडचं. इकडे आपले लोक इतके आहेत की कानबाईला गल्ल्या भरतात. आमच्या सोसायटीत मागच्या साली एका घरी तीन मुलींच्या मुठी धरल्या, मुलगा नाहीच म्हणून. कुणी काही बोललं नाही. गावाकडून आलेल्या सासूबाई तेवढ्या म्हणाल्या, "इथे चालतं, गावात चालणार नाही." दुसऱ्या दिवशी त्यांनीच गल्लीभर सांगितलं की आमच्या नातींच्या मुठीचे रोट फार खुसखुशीत झाले.

जुना जळगावकर

गहू कोणता वापरता सगळे? आमच्याकडे घरचा लोकवन. आता दादर ज्वारी जशी दिसत नाही तसा जुना गहूही दिसत नाही. अवांतर झालं, क्षमस्व.

कापूसवाली मावशी

नाशिकच्या ताई, तुमच्या मायला सांगा, पोरींच्या मुठी टाका. देवीला राग आला तर ती रोट कच्चे ठेवेल, खाऊन कळेलच.

गिरणाकाठची

कानबाई झाली. काय झालं ते सांगायला आले.

भाऊ ताप्ती लाइनच्या गाडीने अमळनेरला उतरला, तिथून आक्काला घेऊन घरी. मी नाशिकहून शुक्रवारी पोचले. मुलगा बारावीला आहे म्हणून तो आणि नवरा आले नाहीत. त्यांची मूठ तशीही पाचोऱ्याला, माझ्या सासरी पडते.

शनिवारी सकाळी माय ओसरीत सूप घेऊन बसली. डोक्यावरून पदर, शेजारी पाट, पाटावर कोरं फडकं. भावाची सव्वा मूठ टाकली. फडक्यावर ते गहू इतके थोडे दिसत होते की भाऊच खाली मान घालून बसला. माय जरा थांबली. मग मोठीला म्हणाली, "ये वं, हात धुईसन ये." पोरगी धावत आली. मायने तिची मूठ तिच्याच हाताने टाकायला लावली, मग वरची पाव स्वतः घातली. मग धाकटीची. तिच्या मुठीतले निम्मे गहू फडक्याबाहेर गेले, ते तिने एकेक वेचून आत टाकले. मग भावजयीला बोलावलं. भावजय पिठाच्या हातानेच आली होती, मायने तिला परत धाडलं, हात धुऊन ये म्हणून.

चुलती दारात उभी होती. काही बोलली नाही, निघूनही गेली नाही.

मग माझ्याकडे आणि आक्काकडे पाहून माय म्हणाली, "तुम्ही तुम्हना घरन्या शेत." (तुम्ही तुमच्या घरच्या आहात.) संपलं. मला वाईट वाटलं. एवढं वाटेल असं वाटलं नव्हतं, डोळ्यात पाणी आलं म्हणून मी उठून आड पाहायला गेले. त्यामुळे पुढचं आक्काने सांगितलं. भावजयीने विचारलं, "आणि आई, तुमची?" माय म्हणाली, "माले कसाले? मी तं दयनारी शे." (मला कशाला? मी तर दळणारी आहे.) आणि फडक्याची गाठ मारली.

मी तिथे असते तर बोलले असते का? मी तर माझ्याच मुठीवरून रुसले होते.

संध्याकाळी भावाने मोबाइलवर उतारा काढून मायला दाखवला, तिला अक्षर ओळखता येत नाही, म्हणून बोट ठेवून. नानांच्या खाली हिचं नाव पहिलं. तिने विचारलं, "आनी हाई लिखनारनं माले इचारं का?" भाऊ म्हणाला, विचारत नाहीत, लागतंच. ती म्हणाली, बरं.

हक्कसोडाचा विषय त्याने काढला नाही. मीही नाही. आक्काशी एकटीशी बोलले, पारोळ्याच्या ताईंनी सांगितलं तसं. ती म्हणाली, "तू काय करशील ते मी करेन." म्हणजे ओझं दुप्पट झालं. ठरलेलं नाही अजून.

भरीतप्रेमी

रोट किती झाले ते सांगा आधी!

गिरणाकाठची

पाच. लहान लहान. चार घरात, एक माझ्याकडे. आमच्याकडे लेकींना रोट देत नाहीत, मायने दिलाही नाही. एसटीत बसल्यावर चाळीसगावच्या पुढे डबा काढायला पिशवीत हात घातला, तर भावजयीने फडक्यात बांधून तळाशी ठेवलेला. फार कडक होता. तुमच्यासारखा चहात बुडवून खाल्ला.

आप्पा शिरपूर

रोट घराबाहेर नेत नसतात.

गिरणाकाठची

माहीत आहे आप्पा. पौर्णिमेच्या आत संपवला.